बांधावर उतरवलेला नैवेद्य

हे लिहावं की नाही, यावर माझं स्वतःशीच वर्षभर एकमत होत नव्हतं. ज्या माणसांत मी वाढले त्यांना हे वाचून वाईट वाटेल, आणि ज्यांना बरं वाटेल त्यांच्याशी मी आजवर भांडतच आले आहे. माझे वडील बेंगळुरूजवळच्या बोम्मसंद्र्याच्या एका कारखान्यात लेथ चालवायचे आणि उरलेला सगळा वेळ कामगार संघटनेला द्यायचे. जयनगरच्या आमच्या दोन खोल्यांत पलंगाखाली पत्रकांचे गठ्ठे असायचे. मी कन्नड अक्षरं त्या पत्रकांवरच गिरवली. शाईने काळ्या झालेल्या बोटांनी पत्रकांच्या घड्या घालण्यात माझे कितीतरी रविवार गेले. अन्याय दिसला की तिथल्या तिथे बोलायचं, आणि देवापुढे काय किंवा मालकापुढे काय, हात जोडायचे नाहीत, एवढं मी त्यातून पक्कं उचललं. वडील गेल्यावर मी स्वतः पत्रकं लिहू लागले, आणि माझा आवाज त्यांच्याहून चढा झाला.

आई मात्र देवभोळी. स्वयंपाकघरातल्या फळीवर तिचा एवढासा देव्हारा होता. वडील त्याबद्दल तिला कधी काही बोलले नाहीत. मी बोलायचे. दर सणाला बोलायचे. शेवटी तिने मला देवळात चल म्हणणं सोडून दिलं. गेल्या श्रावणात ती म्हणाली, "मला एकदा डोंगर बघायचेत. देऊळ नको गं बाई, तिथे तू पुजाऱ्याशी भांडशील. नुसते डोंगर." माझ्यासाठी तिने देव वगळून सहल मागितली होती, हे तेव्हा माझ्या लक्षातही आलं नाही. उलट मला वाटलं, आई सुधारली.

सकलेशपूरच्या पलीकडच्या डोंगरगावांतून फिरवून आणणारी तीन दिवसांची सहल मिळाली. बारा जणांचा गट होता, बहुतेक कोरमंगलाकडचे आयटीतले तरुण. वाट दाखवणारा गिरीश तिकडचाच. पुण्याची सायली पहिल्याच दिवशी आईला "काकू, काकू" करत चिकटली. त्या पहिल्या दिवशी आई लहान मुलीसारखी वागली. तिथे डोंगराच्या अंगावर वरपासून खालपर्यंत भाताची खाचरं उतरत जातात, एकाखाली एक, प्रत्येकात वीतभर पाणी. वरच्या खाचराच्या बांधाला कुठेतरी एक मोकळी जागा ठेवलेली असते, तिथून पाणी खालच्यात उतरतं, तिथून आणखी खालच्यात. आई प्रत्येक बांधावर थांबून ते पाणी कुठून उतरतंय ते शोधायची आणि सापडलं की टाळी वाजवायची. तिला मधुमेह आहे, जेवणाआधी इन्सुलिनची सुई घ्यावी लागते, आणि सुई घेतल्यावर अर्ध्या तासात पोटात अन्न जावंच लागतं. हे सगळं मला तिच्याइतकंच पाठ आहे.

दुसऱ्या दिवशी दुपारी एका घरी आमचं जेवण होतं. घराखालच्या खाचरांत लावणी चाललेली. ओसरीवर केळीची पानं मांडली होती, भाताची वाफ बाहेरपर्यंत येत होती. आईने आतल्या खोलीत जाऊन सुई घेतली. तेवढ्यात गिरीश आमच्या गटाला घेऊन बांधावर गेला. चिखलात वाकलेल्या पाच-सहा बायका गाणं म्हणत रोपं लावत होत्या आणि दहा मोबाइल त्यांच्यावर रोखलेले होते. गाणं संपलं. गिरीश म्हणाला, "अक्का, परत एकदा म्हणा हं. व्हिडिओ नीट आला नाही."

माझं डोकं फिरलं. "गिरीश, माणसं आहेत ती. बटण दाबलं की गायला रेडिओ नव्हे."

गिरीश गोरामोरा झाला. "मॅडम, ह्या माझ्या मावश्या आहेत."

"मग तर जास्तच लाज वाटायला हवी. स्वतःच्या मावश्यांचं प्रदर्शन मांडलंस!"

"अगं, जाऊ दे ना," सायली म्हणाली. "किती सीरियस होतेस! त्यापण एन्जॉय करतायत."

"एन्जॉय तुम्ही करताय. कमरेत वाकलेल्या त्या आहेत." मग मी सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं, की ज्या घरी माणसं अशी दाखवायला मांडतात तिथे आम्ही जेवणार नाही. मला वाटलं, निदान दोघं-चौघं माझ्याबरोबर निघतील. कुणी निघालं नाही. त्यामुळे माझा राग आणखी चढला.

मी ओसरीकडे आले. आई पायरीवर उभी होती. हलक्या आवाजात म्हणाली, "मी सुई घेतलीय गं. पानं मांडलीयत. स्वल्प खाऊ, मग तू काय ते भांड."

"मुक्कामाचं घर वीस मिनिटांवर आहे. तिथे जेवू. चल."

तिने पानाकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि चपला पायात घातल्या. "सरी," बरं, म्हणाली. एवढंच.

गिरीश मागून ओरडला, "रस्त्याने जा! खाचरांतून नका जाऊ!" रस्ता वळसा घालून जात होता, आणि खाली झाडांत मला आमच्या मुक्कामाच्या घराचं छप्पर दिसत होतं. मी सरळ बांधावरून उतरायला लागले. दहा मिनिटांत धुकं आलं. तिकडचं धुकं हळूहळू येत नाही, दार उघडून कुणी आत यावं तसं येतं. छप्पर गेलं, झाडं गेली, उरली नुसती खाचरं, सगळी एकसारखी. मी एक बांध उतरायचे, दुसरा चढायचे, परत पहिल्यावर यायचे. आई मागून मुकाट चालत होती. तिचं मुकाट चालणं मला समजूतदारपणा वाटलं, आणि त्या समजूतदारपणाचासुद्धा मला राग आला. मग मागे वळून पाहिलं तर ती बांधावर बसली होती, पाय खाचराच्या पाण्यात सोडून.

"आई, ऊठ."

तिने माझ्याकडे पाहिलं आणि हसून म्हणाली, "दूध उतू जातंय बघ." गार वारा सुटला होता आणि तिचं कपाळ, मान, ब्लाउजची पाठ घामाने भिजली होती. हात थरथरत होते. साखर उतरली होती. अशा वेळी द्यायची ग्लुकोजची पूड तिच्या कापडी पिशवीत, आणि पिशवी त्या ओसरीवरच्या खुंटीला. मी माझी झोळी उलटी केली. वही, दोन पेनं, पाण्याची बाटली. फोनला रेंज नव्हती. तिला सोडून धावत जावं तर कुठल्या बाजूला? आणि ती पाण्यात कलंडली तर? मी तिला दोन्ही हातांनी धरून बसले. जिने मला वाढवलं तिला मी माझ्या तत्त्वापायी अन्नावरून उठवून आणलं होतं. तिची मान माझ्या खांद्यावर टेकत चालली होती.

मी प्रार्थना केली, असं म्हणणं खरं होणार नाही. मला ती येत नाही. मी आधी कन्नडमध्ये ओरडले, "यारादरू बन्नी! कुणीतरी या हो!" धुक्यात आवाज जिरून गेला. मग माझ्याच तोंडून अगदी हळू निघालं, "हिला नेऊ नकोस. माझं चुकलं." कुणाला म्हणाले, मला माहीत नाही. पण ते भाषण नव्हतं, घोषणा नव्हती. त्या वाक्यात माझ्या हातात काहीच नव्हतं, आणि ते मी कबूल केलं होतं. आयुष्यात पहिल्यांदा.

वरच्या बांधावरून एक म्हातारी उतरत होती. पाठीवर पानांचं इरलं, डोक्यावर केळीच्या पानाने झाकलेलं पितळी तपेलं, नजर खाली. मी हाका मारल्या, "अज्जी, अज्जी!" तिने उत्तर दिलं नाही. जवळ आली, थांबली. मी रडत रडत सांगितलं, आईची साखर उतरलीय, गोड काहीही द्या. ती बोलेना. नुसती उभी. आईकडे बघत होती आणि ओठ घट्ट मिटले होते. ती मनात काहीतरी ठरवतेय, हे दिसत होतं. मला एवढंच वाटलं, ही कसली दगडाची बाई! मग तिने डोक्यावरचं तपेलं उतरवलं, बांधावर ठेवलं आणि म्हणाली, "डोकं वर धर तिचं."

तपेल्यात पायस होतं. तांदूळ, गूळ आणि नारळाचं दूध, अजून कोमट. तिने वरचा पातळ गोड रस ओंजळीत घेतला आणि आईच्या ओठांना लावला. "नुंगु तायी, नुंगु," गीळ बाई, गीळ, असं तान्ह्या पोराला सांगावं तसं सांगत राहिली. आईने पहिला घोट गिळला. मग दुसरा. मग तिने स्वतःच त्या ओंजळीला हात लावला. किती वेळ गेला सांगता येत नाही. धुकं होतं तसंच होतं. केव्हातरी आई सरळ बसली, इकडेतिकडे पाहिलं आणि कुरकुरली, "साडी भिजली की माझी. कुठे आणून बसवलंस?" इतकं गोड वाक्य मी त्याआधी ऐकलं नव्हतं. मी तिच्या मांडीवर डोकं ठेवलं आणि हुंदके देऊन रडले.

आईनेच विचारलं, एवढं पायस कुठे निघालं होतं. अज्जीने खाली बोट दाखवलं. तिच्या खाचराच्या टोकाला चौडम्माचा दगड आहे, शेताची राखण करणारी देवी. लावणी संपली की तिला नैवेद्य. आईचा चेहरा पांढरा पडला. "अय्यो! देवीच्या आधी मी खाल्लं? सगळं उष्टं केलं?"

अज्जी खो खो हसली. "तिला दात कुठायत? वासावर भागतं तिचं. भूक तुला होती." मग तपेलं झाकता झाकता म्हणाली, "दर वर्षी मी सकाळीच येऊन जाते. आज गाय विताना अडली म्हणून दुपार झाली. सकाळपासून त्या गाईला शिव्या घालतेय. आता घरी जाऊन तिची समजूत काढायला हवी."

तपेलं मी उचललं. "डोक्यावर नको, पाडशील," अज्जी म्हणाली, "पोटाशी धर." आई एका हाताने तिला, एका हाताने मला धरून चालली. एका आडव्या फांदीखाली तो दगड होता, कुंकू लावलेला, ओला. अज्जीने उरलेलं पायस पानावर वाढलं. आईने माथा टेकला. मी उभीच राहिले. माझे गुडघे वाकत नव्हते आणि खोटं वाकायचं नव्हतं. अज्जीने मला वाक म्हटलं नाही.

तिनेच आम्हांला त्या जेवणाच्या घरी परत पोचवलं. गिरीश आम्हांला शोधायला निघाला होता, त्याचा चेहरा उतरलेला. अज्जी गेल्यावर मी त्याला तपेल्याची गोष्ट सांगितली. तो म्हणाला, "ती बोलली?" त्यांच्याकडे चौडम्माचा नैवेद्य डोक्यावर घेतला की दगडापाशी पोचेपर्यंत एक शब्द बोलायचा नाही आणि भांडं जमिनीला लावायचं नाही. लग्न होऊन आली तेव्हापासून ती हे पाळत आली होती. बांधावर मला दगडासारखी वाटलेली ती बाई माझ्यासमोर आयुष्यभराचा नेम मोडायचं ठरवत होती, आणि मोडल्यावर तिने आम्हांला ते कळूही दिलं नाही. मी तत्त्वासाठी आईला उपाशी नेलं होतं. तिने आईसाठी तत्त्व खाली ठेवलं होतं.

गाणाऱ्या बायका ओसरीवर हात धूत होत्या. त्यांतली एक मला म्हणाली, "काय गं, आमच्या वतीने भांडलीस म्हणे. आम्हांला विचारलंस का, गायचंय की नाही?" बाकीच्या हसल्या. मी त्यांची माफी मागितली. गिरीशही ओशाळून म्हणाला, "तुम्ही म्हणालात ते अगदीच खोटं नव्हतं. मावशी दमल्यात का, ते मी विचारायला हवं होतं." मग त्यांनी मला पाट दिला. मी जेवले. मागून वाढलं तेही घेतलं, नको म्हटलं नाही.

बेंगळुरूला आल्यावर डॉक्टर म्हणाले, साखर उतरली होती, गोड मिळालं, चढली. ते खरंच आहे. गाय अडली, उशीर झाला, हेही तितकंच साधं. त्या धुक्यातल्या शेकडो बांधांपैकी आमच्याच बांधावर ती का उतरली, याचं उत्तर माझ्याकडे नाही आणि ते मिळवण्यासाठी मी आता कुणाशी वाद घालत नाही. मी अजून पत्रकं लिहिते, अन्यायाविरुद्ध बोलते, ते थांबणार नाही. पण हक्काचं कसं मागायचं हेच मी शिकले होते. जे हक्काचं नाही, मागण्याची आपली लायकीही नाही, तरी कुणी ओंजळीतून ओठांशी आणतं, ते कसं घ्यायचं हे मला माहीत नव्हतं. ते घेताना माणूस रिकामा असावा लागतो. मी त्या बांधावर तेवढी रिकामी झाले होते.

त्याआधी, परतीच्या वाटेवर, बसमध्ये आई माझ्या खांद्यावर झोपली होती. घाट उतरत होतो. तिचा श्वास माझ्या गळ्याला लागत होता, एकसारखा. आमच्या दोघींच्या मांडीवर एकच शाल होती. त्या शालीखाली माझे हात कधी जोडले गेले, मला कळलं नाही. कळलं तेव्हा पहिल्यांदा मनात आलं ते हे, की बरं झालं, कुणाला दिसत नाहीत. मग मला त्या विचाराची लाज वाटली.

मी शाल बाजूला केली.