हुंकार देणारी भिंत

“शिडी जरा घट्ट धरा,” मी खाली न बघता म्हणालो.

उत्तर आलं नाही. पण शिडी हलत नव्हती. कुणीतरी ती धरून उभं आहे याची मला इतकी खात्री होती की मी टॉर्च दातात धरला, दोन्ही हात मोकळे केले आणि छताच्या पोकळीत आणखी आत वाकलो. थोड्या वेळाने स्क्रू ड्रायव्हर मागायला हात खाली केला. कुणी दिला नाही. वाकून बघितलं. पॅसेज रिकामा होता. भर दुपार, पावणेबाराची वेळ. बाथरूमच्या बंद दारामागे पाण्याचा आवाज तेवढा येत होता.

मी भित्रा माणूस नाही. अठ्ठावीस वर्षं एसीच्या कामात आहे. लोकांच्या छतात पाली, उंदरांची घरटी, एकदा तर कात टाकलेला साप बघितलाय. पण त्या दिवशी मानेवर काटा आला, आणि खाली उतरताना पाय कापत होते.

घर मगदुमांचं. शिरोली एमआयडीसीत त्यांची फाउंड्री आहे. भट्टीच्या आगीपाशी जन्म गेलेला माणूस, म्हणून बंगला बांधताना सेंट्रल एसी हौसेने करून घेतला होता. सेंट्रल म्हणजे प्रत्येक खोलीत वेगळा एसी नाही. मशीन एकच, पॅसेजच्या फॉल्स सीलिंगवर लपवलेलं. तिथून पत्र्याचे बोगदे, म्हणजे डक्ट, प्रत्येक खोलीत जातात आणि छतातल्या जाळीतून गार हवा सोडतात. खोल्यांमधली हवा दारांखालून फिरत हॉलमध्ये येते आणि तिथल्या एका मोठ्या जाळीतून मशीनकडे परत जाते. त्या जाळीला आम्ही रिटर्न म्हणतो. छोट्या जाळ्या म्हणजे घराचं तोंड धरलं, तर रिटर्न म्हणजे नाक.

मगदुमांचा फोन आला तो असा:

“शिकलगार, आमच्या आईची खोली गार हुईना. दोघं येऊन गॅस भरून गेले. तुमास्नी जमतंय का बोला, न्हायतर सगळं उपसून टाकतो.”

“बघितल्याशिवाय कसं सांगू, मालक?”

“मग बघा की! मी कारखान्यावर हाय. घरात मंडळी हायत.”

मंडळी म्हणजे त्यांची बायको, वैशालीवहिनी, आणि पंच्याहत्तरीच्या आई. त्यांना सगळे आक्का म्हणत. मगदुमांचे वडील, आबा, दोन-सव्वादोन वर्षांपूर्वी गेले होते.

मी आधी आक्कांच्या खोलीत गेलो. त्या पलंगावर टेकून बसल्या होत्या. चेहरा ओढलेला, बोलणं सावकाश. मी टिश्यू पेपरची पट्टी काठीला लावून जाळीखाली धरली. वारा चांगला असेल तर पट्टी आडवी होते. इथे ती नुसती थरथरली.

“वारं न्हाय न्हवं?” आक्का म्हणाल्या. “त्यास्नी गार सोसत न्हवतं. त्येच अडवत्यात.”

“कोण, आक्का?”

“आमचं मालक. रोज बाराच्या टायमाला येत्यात. दारात हुबं ऱ्हात्यात. बोलत न्हाईत. मी म्हंते, या की आत, तर दार लावून जात्यात.”

हे त्या रडून किंवा घाबरून सांगत नव्हत्या. दूधवाला येतो असं सांगावं तसं सांगत होत्या.

बाहेर आल्यावर वहिनींनी मला हॉलच्या कोपऱ्यात नेलं आणि आवाज खाली केला. “भाऊ, मी शिकलेली बाई आहे. पण दार खरंच आपोआप लागतं. मी बघितलंय. आणि ते ऐका.”

त्यांनी रिमोटने मशीन बंद केलं आणि पुन्हा चालू केलं. दहा-पंधरा सेकंद काही नाही. मग समोरच्या भिंतीतून आवाज आला. खोल, नाकातून काढलेला. “हं...” म्हातारा माणूस बोलणाऱ्याला हुंकार देतो ना, अगदी तसा. तो थांबला नाही. बारीक होऊन चालूच राहिला.

त्या भिंतीवर जमिनीपासून छतापर्यंत सागवानी पॅनेल होतं आणि मधोमध आबांचा मोठा फोटो. फेटा, पांढऱ्या मिशा, वर छोटा दिवा. फोटोला चंदनाचा हार होता. आवाज सुरू झाला तसा हार हलला आणि लाकडाला चिकटून बसला.

“असाच हुंकार द्यायचे ते,” वहिनी म्हणाल्या. “गारगोटीहून एका जाणत्या माणसाला आणलं. त्यांनी लिंबू उतरवून दिलं. चार दिवस बरं वाटलं, परत तेच.”

खरं सांगतो, माझ्याही अंगावर शहारा आला. पण धंद्याची सवय वाईट असते. शहारा विरायच्या आत मी विचारलं, “हे पॅनेल कधी केलं?”

“वर्षश्राद्धाला. इथे एक मोठी जाळी होती, ओबडधोबड दिसायची. सुतार म्हणाला, झाकून टाकू.”

म्हणजे घराचं नाक दाबलं गेलं होतं. मशीन जोरात श्वास ओढत होतं आणि पॅनेलच्या कडेच्या बोटभर फटीतून आणि फळ्यांच्या सांध्यांतून मिळेल तेवढी हवा घेत होतं. बाटलीच्या तोंडावर फुंकर मारली की जसा आवाज निघतो, तसा हा हुंकार. दाराचंही कोडं सुटलं. खोलीत येणारी हवा बाहेर पडायला धडपडते आणि जाताना दार ओढून नेते.

मी मगदुमांना फोन लावला. “मालक, आबांच्या फोटोमागचं पॅनेल काढावं लागेल.”

“न्हाय. फोटूला हात लावायचा न्हाय.”

“त्याच्यामागे रिटर्न बंद झालाय.”

“दुसरीकडनं काय ते करा. आबास्नी हलवायचं न्हाय, सांगून ठिवतो.” त्यांनी फोन ठेवला.

म्हणून मी पॅसेजमधल्या छताचं झाकण उघडून वर चढलो. रिटर्नला दुसरा रस्ता देता येईल का, ते बघायचं होतं. बाकी वर जे झालं ते सुरुवातीला सांगितलंच आहे.

खाली उतरलो, झाकण लावलं. कपाळात ठोके पडत होते. मळमळत होतं. पॅसेजच्या टोकाला आक्कांच्या खोलीचं दार माझ्या डोळ्यांसमोर हळूच लागलं. ते का लागतं हे मला माहीत होतं. तरी क्षणभर वाटलं, आत्ता कुणीतरी माझ्या अंगावरून त्या खोलीत गेलं. मी हत्यारं तिथेच टाकली आणि अंगणात गेलो.

चिक्कूच्या झाडाखाली बसलो. वहिनींनी पाणी आणून दिलं. पाच-सात मिनिटांत डोकं हलकं व्हायला लागलं. पायातली थरथर गेली. तेव्हा पहिल्यांदा मला नीट विचार करता आला. भुताने धरलेला माणूस चिक्कूखाली बसून पाच मिनिटांत बरा होतो का?

“वहिनी, तुमचं डोकं दुखतं का हो घरात?”

त्या चमकल्या. “रोज. दुपारी तर उलटीसारखं होतं. चष्म्याचा नंबर बदलून घेतला.”

“माहेरी गेल्यावर?”

“शिरोळला? तिथे नाही दुखत.” त्या थांबल्या. “आक्कासुद्धा नणंदेकडे गेल्या की ठणठणीत असतात. तिथे आबाही येत नाहीत. आम्ही म्हणायचो, आबांचा जीव या घरात अडकलाय.”

“मघाशी बाथरूममध्ये पाणी चालू होतं. कोण आहे आत?”

“आक्काच की. त्यांची अंघोळ रोज याच वेळेला. चैत्रातही कडक पाणी लागतं.”

“पाणी कशावर तापतं?”

“गॅस गिझर आहे ना. बाथरूममध्येच.”

“खिडकी?”

“कबुतरं यायची, म्हणून काच बसवून घेतली.”

मी उठलो तो पळतच. वहिनी मागून विचारत होत्या, काय झालं, काय झालं. पळता पळता ओरडलो, “गिझर! आक्कांना बाहेर काढा!”

आक्कांना सोपं जावं म्हणून त्या बाथरूमचं दार बाहेर उघडणारं करून घेतलं होतं. कडी त्या लावत नसत. तरी वहिनींनी ओढलं तेव्हा दार येईना. आतून कुणीतरी मूठ धरून ठेवल्यासारखं. वहिनींनी माझ्याकडे बघितलं. तो चेहरा मी विसरलेलो नाही.

“आबा, सोडा!” त्या किंचाळल्या. “सोडा त्यांना!”

मी भिंतीवरचं मशीनचं बटण बंद केलं. वरची घरघर थांबली, आणि दार मुकाट्याने उघडलं.

नळ वाहत होता. गिझरची ज्योत निळी असायला हवी, ती पिवळी झाली होती आणि लवलवत होती. आक्का स्टुलावर भिंतीला कलंडल्या होत्या. डोळे अर्धे उघडे. मी तोंड फिरवून उभा राहिलो. वहिनींनी त्यांच्याभोवती लुगडं गुंडाळलं, मग आम्ही दोघांनी त्यांना स्टुलासकट उचलून अंगणात आणलं. गिझर बंद केला, घराच्या सगळ्या खिडक्या उघडल्या. आक्कांचा श्वास चालू होता, पण हाकेला ओ नव्हती.

दवाखान्यात जाताना माझ्या गाडीत वहिनींच्या मांडीवर त्यांचं डोकं होतं. अर्ध्या वाटेत त्यांनी डोळे उघडले आणि म्हणाल्या, “मला नेत्यात व्हय गं?” कोण नेतंय, हे वहिनींनी विचारलं नाही. मी गाडीचा वेग वाढवला.

डॉक्टरांना मी दारातच सांगितलं, गॅस गिझरचा धूर आहे. त्यांनी लगेच ऑक्सिजन लावला आणि रक्त तपासायला पाठवलं. कार्बन मोनॉक्साइड निघालं. हा वायू दिसत नाही. त्याला वास नसतो. ज्योतीला हवा कमी पडली की तो तयार होतो आणि रक्तातली ऑक्सिजनची जागा अडवून बसतो. थोडा थोडा रोज गेला तर डोकं दुखतं, मळमळतं, विसरायला होतं. नसलेली माणसं दिसू शकतात, असं डॉक्टर म्हणाले.

मगदूम कारखान्यातून तसेच आले. कपड्यांवर वाळूची काळी भुकटी. आईचा हात धरून बराच वेळ बसले. मग मला बाहेर घेऊन गेले.

“एसीनं झालं की गिझरनं?”

“दोघांनी मिळून. उद्या दाखवतो.”

दुसऱ्या दिवशी गिझर बंद ठेवून, खिडक्या उघड्या ठेवून मी फक्त मशीन चालू केलं. देवघरातली एक उदबत्ती मगदुमांच्या हातात दिली आणि त्यांना बाथरूममध्ये उभं केलं. धूर सरळ वर गेला. एक्झॉस्ट फॅनकडे वळला नाही. छतातल्या दिव्याच्या भोकाभोवती गोल फिरला आणि आत ओढला गेला. आम्ही आक्कांच्या खोलीत गेलो. मिनिटभरात जाळीतून उदबत्तीचा वास आला.

नाक दाबलेलं मशीन मिळेल तिथून हवा ओढत होतं. बाथरूमच्या आणि मशीनच्या फॉल्स सीलिंगवरची पोकळी एकच. काल बाथरूमचं दार आतून धरल्यासारखं झालं, तेही याच ओढीने. गिझरचा धूर तिकडून उचलायचा आणि गार करून घरभर वाटायचा, असं चाललं होतं.

मगदूम हॉलमध्ये गेले. खुर्ची ओढली, वर चढले आणि फोटो स्वतःच्या हाताने उतरवला. छातीशी धरून उभे राहिले.

“आबास्नी मीच नेऊन बसवलं की हितं,” ते म्हणाले. मग मला म्हणाले, “फोडा.”

पॅनेल कापलं. मागची जाळी धुळीने बुजली होती, ती धुतली. रिटर्नपासून मशीनपर्यंत पत्र्याचा बंद बोगदा केला, म्हणजे मशीनला छतातली हवा ओढताच येऊ नये. बाथरूमच्या छताची भोकं बुजवली, खिडकीची काच काढून कबुतरांसाठी बारीक जाळी लावली. गिझर बाहेरच्या भिंतीवर उघड्यावर गेला. पॅसेजमध्ये आणि आक्कांच्या खोलीत कार्बन मोनॉक्साइड ओळखणारे अलार्म बसवले. टिश्यूची पट्टी आक्कांच्या जाळीखाली आडवी झाली.

महिन्याभराने मी तपासणीला गेलो. आक्का हॉलमध्ये भाजी निवडत होत्या. तोंडावर तजेला आला होता, बोलणंही खणखणीत.

“बरं वाटतंय न्हवं, आक्का?”

“डोस्कं न्हाय दुखत आता.” त्यांनी घेवड्याची एक शेंग मोडली. “पर ह्ये बी येत न्हाईत. वरीसभर रोज येत हुतं. लेकरा, तू केलंस त्ये चांगलंच केलंस. पर दुपार लई मोठी वाटतीया.”

फिल्टर पुसून परत बसवला आणि चहा न घेता निघालो.

शिडीपाशी कुणीतरी उभं असल्याचं वाटलं होतं, ते मी बरेच दिवस कुणाला सांगितलं नव्हतं. डॉक्टरांच्या हिशेबाने तो वायू. माझ्या बायकोच्या हिशेबाने वहिनींचं बोलणं डोक्यात बसलेलं. दोन्ही पटतं. त्या घरात पुन्हा शिडी लावायची वेळ आली तेव्हा मगदुमांना म्हटलं, खाली तुम्ही उभे राहा आणि बोलत राहा.

धंद्यात एक बदल मात्र केला. खोली गार होत नाही असा फोन आला की मी पहिल्यांदा मशीनचं काही विचारत नाही. विचारतो, गिझर कसला आहे, आणि घराबाहेर पडल्यावर डोकं दुखायचं थांबतं का. बहुतेक लोक हसतात. म्हणतात, मिस्त्री, तुम्ही एसीवाले की डॉक्टर? परवा एक बाई हसल्या नाहीत. म्हणाल्या, “हो, थांबतं.” मी म्हटलं, फोन ठेवू नका. आधी खिडक्या उघडा, मी निघालोय.