वैनीचा दादरा

ओल्या हाताच्या माणसावर आमच्या वैनीचा विश्वास नव्हता. पाहुणा कितीही मानाचा असो, लोणच्याच्या बरणीकडे वळला की ती आधी त्याचे हात बघायची. "कोरडं हायत न्हवं?" एवढाच प्रश्न. एकदा गावचे पाटील जेवायला आले होते. हात धुऊन ते तसेच बरणीकडे वळले, तर हिने बरणी उचलून कडेवर घेतली आणि दुसऱ्या हाताने फडकं पुढे केलं. पाटील हसले, पण हात पुसूनच लोणचं घेतलं.

वैनी म्हणजे माझ्या थोरल्या भावाची, दादाची बायको. आमचं गाव उंब्रजजवळ. ऊस, ज्वारी, आणि घरटी एक माणूस पलटणीत. आई लवकर गेली, त्यामुळे मला वाढवलं ते हिनेच. पण दीर तो दीर. माझं नाक पुसतानासुद्धा ती मला अहोजाहो करायची. "भावजी, शेंबूड काडा" असं सन्मानाने ऐकत मी मोठा झालो.

तिचं माहेर कोयनेच्या खोऱ्यात, हेळवाकच्याही वर. तिथला पाऊस चार महिने ऊन दिसू देत नाही. भिंतीला, चपलेला, देव्हाऱ्याच्या लाकडालासुद्धा बुरशी धरते. असल्या मुलखात मीठ कोरडं ठेवायचं आणि लोणचं वर्षभर टिकवायचं, ही तिथल्या बायकांची कसोटी. वैनीने ते कसब आंदणासारखं सोबत आणलं होतं. बरणी आधी चुलीच्या उबेला पालथी ठेवायची. मग निखाऱ्यावर हिंग टाकून त्याची धुरी तिच्यात कोंडायची. लोणचं पुरतं गार झाल्याशिवाय भरायचं नाही. शेवटी तोंडावर फडक्याचा दादरा बांधायचा, तोही दुहेरी. आतलं फडकं जुन्या लुगड्याचं, बाहेरचं मेण आणि जवसाचं तेल चोळलेलं. वर दोरीची सुरगाठ. "गाठ येका हातानं सुटाय पायजे," ती म्हणायची. "दुसरा हात कवा कशात आसंल, सांगता येतंय व्हय?"

लढाई लागली आणि मी ब्रह्मदेशाच्या सरहद्दीवर गेलो. पलटणीत मी निशाणबाज होतो, माझ्या रायफलीवर दुर्बीण होती. तिच्या काचांवर घालायला सरकारने चामड्याच्या टोप्या दिल्या होत्या. कोरड्या मुलखात त्या चालत असतील. तिकडच्या पावसात चामडं फुगायचं, त्यावर हिरवी बुरशी यायची आणि टोपी जागची हलायची नाही. एकदा ती अशीच निघेना. ओढून काढली तेव्हा काच घामेजलेली. मी पुसतोय तोवर समोरून गोळी आली आणि माझा जोडीदार, तासगावकडचा यशवंता, माझ्या शेजारी आडवा झाला. पुढे मला हिवतापाने धरलं, आणि त्यातून उठल्यावर ऐन आषाढात सुट्टी मिळाली.

यशवंताचं मी घरी कोणाला सांगितलं नव्हतं. पण वैनीच्या नजरेतून काही सुटायचं नाही.

"भावजी, कंदील लखलखीत हाय की. मघापासनं काय पुसतायसा?"

मग सांगावंच लागलं. तिने हळहळ केली नाही की डोळ्याला पदर लावला नाही. चूल सारखी करत तिने विचारलं, "टोप्या चामड्याच्या कशापाय केल्या त्येंनी?"

"सरकार देतंय तसं घ्यायचं, वैनी."

"सरकारनं कवा लोणचं घातलंय?" ती म्हणाली. "तुमी माघारी जायच्या आत दादरा हुईल. त्याबिगर जायाचं न्हाई."

दादा ओसरीवरून म्हणाला, "सरकारी बंदुकीला बाईमाणसाचं फडकं बांधायचं व्हय? लोक हसतील." वैनी तोवर मेण वितळायला बसली होती.

दुर्बीण काही घरी आणलेली नव्हती. मग मी मापं सांगितली आणि तिने परसातला एक पोकळ वेळू कापून घेतला. काच कुठली आणायची? घरात भिंग म्हणावं असं एकच होतं, आबांचा म्हणजे आमच्या वडिलांचा चष्मा. "मामंजी, जरा देता का?" असं विचारेपर्यंत तिने तो त्यांच्या नाकावरून उतरवलासुद्धा. चष्म्याचं एक भिंग काढून तिने वेळूच्या तोंडाशी मेणाने बसवलं, वर दादरा बांधला आणि वेळू थेट पन्हळीखाली टांगला. आबा दोन दिवस पोथी हातात धरून नुसते बसले.

दादरा सोडला तर भिंग धुरकटलेलं. बाहेरून एक थेंब आत गेला नव्हता. दादाला बरंच वाटलं, तो म्हणाला, "बग, मी म्हनत हुतो." वैनीने वेळूच्या आत बोट फिरवून पाहिलं. मग म्हणाली, "पानी भाईरनं न्हाई आलं. आत हुतं त्येच निघालं. ऊन लोणचं कोंडल्यागत झालंय." आणि तिने पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली.

मिठाच्या बरणीत ती भाजलेले तांदूळ टाकायची, ओल ओढून घ्यायला. तेच तांदूळ तिने एवढ्याशा पुरचुंडीत शिवले आणि दादऱ्याच्या आत कडेला टाचले. आतलं फडकं निखाऱ्यावर धरून हिंगाची धुरी दिली. मी घाबरलो. "वैनी, वासानं दुश्मनाला पत्ता लागंल."

"त्येंच्यात हिंगाचं लोणचं घालत्यात व्हय?"

मी निखारे फुंकायला बसलो.

पुढची अडचण दोरीची. सुताची दोरी भिजली की फुगते आणि गाठ आवळते. रेशीम तसं फुगत नाही, पण आमच्यासारख्याच्या घरात रेशीम कुठलं? आबांच्या कमरेला जत्रेत घेतलेला रेशमी करदोडा होता. वैनी समोर जाऊन उभी राहिली तेव्हाच ते समजले. करदोडा सोडून तिच्या हातात देत म्हणाले, "चष्मा नेलास, करदोडा नेलास. आता धोतार तेवढं ऱ्हायलंय, सूनबाई. ते ऱ्हाऊ दे." त्या आषाढात आमच्या घरात हसू झालं ते एवढंच.

या खेपेला वेळू पन्हळीखाली टांगला आणि पाऊसही मुद्दाम पाठवल्यासारखा कोसळला. दादरा सोडला तेव्हा वैनीने भिंग स्वतः पाहिलं नाही. ते आबांच्या हातात दिलं. आबांनी ते डोळ्याशी धरून पोथीची एक ओळ मोठ्याने वाचली. वैनीने मान हलवली आणि भाकरी थापायला गेली. दादा मात्र बराच वेळ ते मेणकापड बोटांनी चाचपत होता. दुसऱ्या दिवशी उंब्रजच्या बाजारातून आणखी मेण त्यानेच आणलं.

दोन्ही काचांचे दादरे तयार झाले, पण माझी सुटका झाली नाही. डोळे मिटून, डावा हात पाठीशी ठेवून ते सोडायचे, अशी तालीम तिने माझ्याकडून करून घेतली. आवाज झाला की "परत." दोरी अडकली की "परत." पलटणीतल्या उस्तादानेही मला एवढं रगडलं नव्हतं. निघताना मी पाया पडलो तेव्हा ती म्हणाली, "तांदूळ बदलत जावा. वल्या हातानं शिवू नगा. आन हिकडचा इचार करू नगा, नजर काचत ठेवा."

पलटणीत माझी यथेच्छ थट्टा झाली. मी जवळ आलो की कोणीतरी ताट पुढे करून "लोणचं वाढ थोडं" म्हणायचं. पण पुढच्या पावसाळ्यात एका डोंगराच्या उतारावर मी आणि नवा जोडीदार चिखलात पडून होतो. खालच्या वाटेने आमची तुकडी यायची होती. त्या वाटेवर नेम धरून शत्रूची मशीनगन कुठेतरी दडली होती, ती सापडत नव्हती. डाव्या कोपरावर सगळा भार होता, हात हलवला असता तर झुडूप हललं असतं. उजव्या हाताने मी दोऱ्या ओढल्या. दादरे आवाज न करता सुटले. काच कोरडी होती, आणि झाडीत मशीनगनची नळी मला स्वच्छ दिसली. मी गोळी झाडली. आमची तुकडी त्या वाटेने सुखरूप गेली, आणि मीही परतलो. त्यानंतर माझ्याकडे ताट कोणी पुढे केलं नाही. उलट हवालदाराने विचारलं, "तुझी वैनी आनखी शिवून देईल का रं?"

दादाची पत्रं येत. त्यांत शेवटी ठरलेली ओळ असे, 'वैनी म्हणते, तांदूळ बदला.' मी बदलत होतो.

लढाई संपली. दिवाळी होऊन गेल्यावर मी उंब्रजला मोटारीतून उतरलो तेव्हा दोन्ही दादरे माझ्या खिशात होते. ते तिच्यापुढे ठेवायचे आणि ती काय खोड काढते ते बघायचं, असं वाटभर मनात होतं. दादा न्यायला आला होता. माझी ट्रंक डोक्यावर घेऊन तो पुढे चालत राहिला. घरी आलो तर चुलीपुढे शेजारची म्हातारी होती.

"आषाढात ताप आला," दादा म्हणाला. "आठवडाभरबी ऱ्हायली न्हाई."

मी खिशातले दादरे मुठीत धरले. "आरं, मग मला कळवलं का न्हाईस? पत्रात तर तू..."

"तिनंच शपथ घातली. म्हनली, भावजीस्नी कळवू नगा. त्येंच्या डोळ्यात पानी आलं तर काच कोरडी ठिऊन उपेग काय? आन पत्रात तांदळाचं लिवत जावा, न्हाईतर त्येंना शंका येईल."

दादाने आतून एक बरणी आणून माझ्यापुढे ठेवली. उन्हाळ्यात घातलेलं कैरीचं लोणचं. दादऱ्यावरची गाठ तिचीच. "ह्ये भावजींनीच सोडायचं म्हनली हुती. आमी कुनी हात लावला न्हाई."

आबा खांबाला टेकून बघत होते. चष्म्यात दोन्ही भिंगं होती, एकाच्या कडेला अजून मेण होतं. मी माझे हात पाहिले. प्रवासाचे, घामेजलेले. धोतराला पुसले, परत पुसले. मग डावा हात पाठीशी नेला आणि उजव्या हाताने दोरीचं टोक ओढलं. गाठ सुटली, आवाज न होता. सगळा पावसाळा त्या बरणीवरून गेला होता आणि आत बुरशीचा एक ठिपका नव्हता.

तेव्हा मात्र मला आवरलं नाही. मी घाईने तोंड बाजूला वळवलं. एखादा थेंब बरणीत पडला असता, तर वैनीला ते चाललं नसतं.