मागूर पुरण्याचा शुभारंभ

"मॅडम, मासे खड्ड्यात उतरवून घ्या. पण माती टाकू नका. भाऊसाहेब येऊ द्यात," आमचे साहेब फोनवर सांगत होते.

मी मत्स्यव्यवसाय खात्यात अधिकारी. मुखेडकडच्या एका गावात, तलावाच्या काठाला उभी होते. जवळच्या शेततळ्यात कुणीतरी विदेशी मागूर पाळला होता. या माशावर बंदी आहे, कारण तो पाण्यातले बाकीचे मासे फस्त करतो. सापडला की खड्डा करून पुरायचा, एवढंच काम. आता पुरण्यात कसला आलाय सोहळा? पण साहेबांनी इथले पुढारी भाऊसाहेब यांच्या हस्ते शुभारंभ ठरवला. मंडप, माइक, हार, नारळ. पुढाऱ्यांना फोटोसाठी खाली उतरता यावं म्हणून खड्ड्याला एका बाजूने उतारसुद्धा केला.

गंगामावशी माझ्यामागे भुणभुण करत होत्या. तलावातल्या मासेमारीवर गावातली भोई मंडळी जगतात, त्यांच्या सोसायटीच्या त्या अध्यक्ष.

"टाका की माती. एक जरी तलावात गेला तर आमचं वाटोळं हाय, मॅडम."

"साहेब थांबा म्हणतात, मावशी."

मागूर हवेतून श्वास घेतो. पाण्याबाहेरही तो तासन्‌तास जगतो, आणि जमीन ओली असेल तर पुढच्या परांच्या काट्यांवर रेटत चक्क चालतो. याच्या कुळातल्या काही जाती आता फक्त दगडातच, जीवाश्म होऊन, सापडतात म्हणे. ही जात मात्र मरायचं नाव घेत नव्हती. तरी जमीन कोरडी ठणठणीत होती, म्हणून मी निर्धास्त होते.

तेवढ्यात मंडपवाल्या रफिकभाईंनी टँकर बोलावला.

"धूळ लई उडून राहिली. भाऊसाहेबांची पांढरी कापडं खराब व्हतील ना!"

मी नको म्हणेपर्यंत रस्ता, मंडप, उतार, सगळीकडे सडा पडला होता. पहिला मागूर उतार चढून मंडपात आला, तेव्हा माइकवाला "हॅलो, हॅलो" करत होता. माइकवाला तसाच खुर्चीवर चढला. त्या माशामागून रांगच लागली. ओल्या लाल गालिच्यावरून मासे थेट तलावाकडे निघाले, आणि माझी पाचावर धारण बसली.

मावशींनी गालिचाच ओढून काढला. सोसायटीतल्या बायकांनी त्याची झोळी करून मासे गोळा केले आणि परत खड्ड्यात ओतले. खुर्च्यांखालचे, सोफ्यामागचे, सगळे.

"लोट रं माती!" मावशी जेसीबीवाल्यावर ओरडल्या. तो माझ्याकडे बघायला लागला. माझा फोन वाजत होता. साहेबच असणार. मी फोन कट केला.

"लोटा," म्हटलं.

भाऊसाहेबांबरोबर साहेब आले, तेव्हा जमीन सपाट झाली होती.

"खड्डा कुठंय?"

"बुजवला, सर."

"मग शुभारंभ कशाचा करायचा? उकरा परत!"

गंगामावशी त्या मातीवर मधोमध मांडी घालून बसल्या. "उकरा. पर आधी मला उचला."

उचलायला कुणी पुढे होईना. भाऊसाहेबांनी घड्याळ बघितलं, मावशींच्या पुढ्यात नारळ फोडला, आपल्या गळ्यातला हार त्यांच्या गळ्यात घातला, फोटो काढला आणि गेले. मावशी गाड्या दिसेनाशा झाल्यावरच उठल्या.

तलाव वाचला. मला कारणे दाखवा नोटीस आली: माती कार्यक्रमाआधी का टाकली?

मी खरं तेच लिहिलं. मासे वेळेवर निघाले होते, पाहुणे नव्हते.