पाहुण्यांच्या वहाणांचा तपास

हसणार नसाल तर सांगतो. आता नाही म्हणाल आणि मधेच फिस्सकन हसाल, माहीत आहे मला.

सत्तरीचं दशक संपत आलं होतं. पुण्यात एक खोली घेऊन मी बाहेर ‘खाजगी गुप्तहेर’ अशी पाटी लावली होती. वर्षभरात एकच गिऱ्हाईक आलं, तेही पत्ता विचारायला.

अशात लवळ्याचे एक पाहुणे आमच्या कासार आंबोलीच्या घरी मला बघायला येणार होते. त्यांची मुलगी मी जत्रेत पाहिली होती आणि ती मनात भरली होती. पण पाहुण्यांनी आधीच विचारलं होतं, मुलगा नक्की करतो काय? म्हटलं, सांगायचं कशाला, करूनच दाखवू.

पाहुणे आले, ओट्याखाली वहाणा काढून आबांशी, म्हणजे माझ्या वडिलांशी, बोलत बसले. मी हळूच त्या कोऱ्या करकरीत वहाणा उचलल्या आणि घरामागच्या खाचरात अंथरलेल्या पाल्याच्या एका कोपऱ्यात खुपसल्या. इतका नीट अंथरलेला पाला, त्याला कोण हात लावणार?

पाहुणे जायला उठले तर वहाणा गायब. आबांचा चेहरा पडला. मी खिशातून भिंग काढलं, ओट्याखाली पालथा पडलो, माती हुंगली, पाहुण्यांना त्यांच्या शत्रूंची नावंही विचारली. आई आतून म्हणत होती, कुत्र्याने नेल्या असतील. तिला मी गप्प केलं. मग गंभीरपणे सगळ्यांना मागे घेऊन निघालो.

घराला वळसा घातला तर समोर खाचरातला पाला पेटलेला. आमच्याकडे भाताचं रोप टाकायच्या जागेवर शेण, पाला, पेंढा अंथरतात आणि तो पेटवून जमीन भाजतात. राब म्हणतात त्याला. शेतकऱ्याचा मुलगा मी, पुण्यात राहून हेच विसरलो! वारा पडलेला पाहून चुलत्याने राब पेटवला होता.

मी थेट पलीकडच्या कोपऱ्याकडे धावलो आणि काठीने पाला उपसला. एक पट्टा निघाला, तोही धुमसत.

पाहुणे अनवाणीच जवळ आले. “राबाला चार कोपरं हायेत. तुमी नेमकं ह्याच कोपऱ्यात कसं काय धावलात?”

मी सगळं कबूल केलं. आबा तर मान वर करेनात. संपलं आपलं लग्न, असं वाटून मला रडूच यायला लागलं.

पाहुण्यांनी काठीने तो पट्टा उलटून बघितला. मग आबांकडे वळले. “पोरगी दिली. आन का दिली ते बी सांगतो. ज्याला एक वहाण धड लपवता येत न्हाई, त्यो माझ्या लेकीपासनं काय लपवनार?”

लोकांची लग्नं गुणांवर जमतात हो. माझं जमलं ते नालायकीवर, आणि तेही पुराव्यानिशी सिद्ध झालेल्या!