भैरूची सांगड

गोजाबाईच्या तोंडाला अख्खं कुरुळी गाव भ्यायचं. पण तिच्या शिव्यांचा खरा धनी एकच, सयाजी. तो पिंपरीच्या नव्या कारखान्यात जायला सायकल काढायचा आणि ही दारात उभी राहून कडाकडा बोटं मोडायची. "गिळलंस माझ्या लेकाला! तळपट हुईल तुझं!" सयाजी मान खाली घालून पायडल मारायचा.

झालं होतं असं. एकोणपन्नास साली गोजाबाईचा लेक भैरू आणि गावातला सयाजी कोकणात धक्का बांधायच्या कामाला मुंबईहून बोटीनं निघाले. भैरू एकुलता एक. बाईनं त्याला कधी इंद्रायणीत उतरूच दिलं नव्हतं. म्हणून निघताना तिनं त्याच्या गाठोड्याला दोन वाळक्या भोपळ्यांची सांगड बांधून दिली, गावची पोरं कमरेला बांधून पोहायला शिकतात तसली. लोक फिदीफिदी हसले. वाटेत बोट बुडाली. पोहणारा सयाजी परत आला, भैरू काही आला नाही.

"काकी, त्यानं सांगड एका बारक्या पोरीला बांधली," सयाजीनं सांगितलं.

"खोटारड्या! त्याला पवता येत न्हाई, त्यो कशाला सोडंल? तूच हिसकावलीस!"

गावानंही तेच धरलं. सयाजीला ना कुणी पंगतीला बोलावलं, ना मुलगी दिली.

छप्पन्न साली सरकारी प्रचाराची गाडी आली. शाळेच्या खिडक्यांना घोंगड्या टांगून भर दुपारी सिनेमा लावला, कोकणातल्या नव्या दीपगृहाचा. त्यात मध्येच, ते का बांधलं हे सांगायला, जुनी चित्रं आली: किनारा, बुडाल्या बोटीची फळकुटं, वाचलेली माणसं.

"आरं, ह्यो बघा सयाजी!" कुणीतरी ओरडलं.

गोजाबाई तरातरा पडद्यापाशी गेली. आता चोरी उघडी पडणार, गावादेखत याच्या कमरेला माझे भोपळे दिसणार! पण पडद्यावरचा सयाजी उघडाबंब कुडकुडत होता, कमरेला लंगोटीशिवाय काही नव्हतं. त्याच्या शेजारी पाचेक वर्षांची पोर बसली होती. सिनेमातला आवाज सांगत होता, दुसरा दिवस उजाडला तरी ही मुलगी अंगावरचे भोपळे सोडू देत नाही. पोरीनं ते पोटाशी कवटाळले होते. एका भोपळ्यावर फुली होती, गोजाबाईनं तापल्या विळ्यानं स्वतः डागलेली.

मागं दारात उभा असलेला सयाजी पुढं आला. "काकी, आता तरी..."

"गप!" ती कडाडली. "तू हिसकावली असतीस तर बरं झालं असतं रं! सात वर्सं तुझ्या रागावर जगले मी." मग पडद्याकडं वळली. "आन् तू रं भैरू, मुडद्या? त्या पोरीची दया आली, आयची न्हाई आली? मला दुसरं कोण व्हतं?"

तोवर पडद्यावर पुन्हा दीपगृह आलं होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी सयाजीची सायकल खडखडत आली. गोजाबाई सवयीनं दारात उभी. हात वर गेले, बोटं एकमेकांत अडकली. पण मोडायची कुणाच्या नावानं, तेच तिला सुचेना.

सयाजी सायकलवरून उतरला.

"मोड काकी, माझ्याच नावानं मोड," तो म्हणाला. "भैरूच्या नगं."