बोटांना लागलं टणक

आमच्या सासूबाई दिवसा खाली बसल्या, तर समजावं, आजारी आहेत. त्या आठवड्यात तर त्यांच्या पायांना भिंगरीच लागली होती. गोठा, स्वयंपाकघर, फोन, पुन्हा गोठा. आमची गाय आणि माझी नणंद, दोघींचे दिवस एकदमच भरत आले होते. नणंद पहिलटकरीण, दूरच्या शहरात. "आई, तू जवळ हवीस," एवढंच तिचं मागणं. इकडे गायीचं मागचं वासरू, सासूबाई बाजारात गेल्या असताना, आडवं येऊन दगावलं होतं. ते त्यांच्या मनातून जात नव्हतं.

सासूबाईंचा अंदाज म्हणजे काळ्या दगडावरची रेघ. गाय वळूकडे नेऊन भरवून आणली, की चार दिवसांत नुसत्या तिच्या चालण्यावरून सांगायच्या, "फळली. अमक्या आठवड्यात व्यायची." यंदाही गल्लीभर सांगून झालं होतं. गाय आधी, लेक नंतर. हिला मोकळी केली, की मी निघाले.

तो आठवडा आला आणि सरतही आला. गाय व्यायला झाली, की शेपटीच्या मुळाशी दोन्ही बाजूंना मऊ पडून खड्डे होतात. सासूबाई येता-जाता तिथे बोटं दाबायच्या.

"टणकच आहे मेलं!"

कासही भरली नव्हती. गाय मजेत रवंथ करत होती. मला तर तिचा रागच आला.

"अगं, तू जा लेकीकडे," सासरे खांबाआडून म्हणाले. "ही काही इतक्यात व्यायची नाही."

"तुम्हाला काय कळतंय त्यातलं? हिशोब माझा आहे."

सासऱ्यांनी खराटा उचलला.

पिशवी दाराशी भरून ठेवलेली. रोज सकाळी सासूबाई चप्पल घालायच्या, गोठ्यात डोकावायच्या आणि चप्पल काढायच्या. "आज संध्याकाळपर्यंत नक्की." मला ओरडून सांगावंसं वाटे, जा हो एकदाच्या! पण सासूला शहाणपण शिकवण्याइतकी माझी छाती नव्हती.

मग एका दुपारी जावयांचा फोन आला. मुलगी झाली, दोघी सुखरूप. मागून नणंदेचा थकलेला आवाज आला, "आई, मी सारखी दाराकडे बघत होते गं."

सासूबाई फोन कानाला लावून तशाच उभ्या राहिल्या. सासऱ्यांना ते बघवलं नसावं.

"गाय उलटली होती, पहिल्या खेपेला फळलीच नव्हती," ते म्हणाले. "तू बहिणीकडे गेली होतीस ना, तेव्हा पुन्हा माजावर आली. मी गुपचूप परत भरवून आणली. तुझ्या हिशोबाच्या तीन आठवडे मागे आहे ती."

"आणि मला सांगितलं नाहीत?"

"गल्लीभर सांगून बसली होतीस, फळली म्हणून. हसं झालं असतं तुझं."

आता आभाळ कोसळणार, म्हणून मी भांडी आवरायला लागले. पण सासूबाई गोठ्याच्या उंबऱ्यावर खाली बसल्या. मी घाबरले.

"अहो, झालं असतं हसं," त्या हळूच म्हणाल्या. "चार दिवस हसले असते लोक." मग स्वतःच्या बोटांकडे बघत राहिल्या. "ही तर रोज सांगत होती. मीच ऐकलं नाही."

थोड्या वेळाने त्या उठल्या आणि त्यांनी माझा हात धरून गायीच्या शेपटीच्या मुळाशी टेकवला.

"हे असं आत्ता टणक लागतंय. लोण्यासारखं मऊ लागलं, की समज."

"मग तुम्हाला फोन करू?"

"गुरांच्या डॉक्टरांना कर. मला नको."

त्यांनी चप्पल घातली, पिशवी उचलली आणि त्या गोठ्याकडे न बघता निघाल्या.