बाप्तिस्म्याचा रकाना

"चूक माझी. पुन्हा सांगते."

पोराचं उत्तर चुकलं की सिस्टर असं म्हणायची आणि लाकडी पट्टी स्वतःच्याच तळहातावर हलकेच मारून घ्यायची. मी दुसरी शिकलेला. आमच्या वेळी पट्टी एकाच बाजूला पडायची. मला वाटलं, बाई खुळी आहे.

सापगावच्या बाजूला मिशनचं आवार होतं, तिथं मी माळी. सिस्टर वसईची. दर रविवारी धर्मशिक्षणाचा वर्ग घ्यायची. भातसानगरला धरणावर नोकरी करणाऱ्या दोन घरांतली पाच पोरं, एवढाच तिचा वर्ग. इतकी वर्षं ती तिथं होती, पण आजूबाजूचा एकही माणूस ख्रिस्ती झाला नाही.

मी चिडवायचो, "सिस्टर, दुकान चालत नाय तुमचं."

"तरी फुकटचा चहा प्यायला तुम्ही येताच ना, आजोबा."

"आमच्या बापानं एकदा धर्म बदलला, आमी बौद्ध झालो. आता परत परत नाय बदलत."

"मी कुठं म्हटलं बदला? गुलाब सुकलेत, ते बघा आधी."

रविवारी घरी कुणी नसायचं, म्हणून नात माझ्यासोबत यायची आणि वर्गाच्या उंबऱ्यावर बसायची. वर्षअखेरीला परीक्षा आली. सिस्टरकडे एक पेपर जास्तीचा होता, तो तिनं हिला दिला. सगळ्या गावांच्या वर्गांत मिळून माझी नात पहिली आली. ख्रिस्ती धर्मात, बरं का! मला हसू आवरेना.

पण बक्षीस ऐकून हसू पळालं. मुरबाडकडच्या मिशनच्या शाळेत वसतिगृहासकट जागा. गावची शाळा सातवीला संपते, आणि पोरगी सातवी झालेली.

मोठे फादर प्रमाणपत्र घेऊन आले. त्यात एक रकाना होता, बाप्तिस्म्याची तारीख. तो रिकामा बघून फादर गडबडले. "सिस्टर, ही आपली नाही? मग जागा दुसऱ्या नंबरला जाईल." जाताना मला हळूच म्हणाले, "आजोबा, तुमचा विचार असेल तर बघा."

दोन दिवस मी जेवलो नाही नीट. तिसऱ्या दिवशी सकाळी धुतलेला सदरा घालून गेलो. सिस्टर तांदूळ निवडत होती.

"सिस्टर, पोरीला घ्या तुमच्यात. माजी ना नाय. मलाबी घ्या, एकावर एक."

तुम्ही असतात तिथं, तर तुम्हालाही वाटलं असतं की बाई आनंदानं उठेल. इतक्या वर्षांत पहिलं गिऱ्हाईक आपल्या पायांनी चालत आलं होतं. तिनं सुपातून मानही वर केली नाही.

"नाही."

"का नाय?"

"जागेसाठी नाही. तुम्ही घरी जा. आणि हे आपल्या दोघांतच राहू दे."

मला राग आला. देणारा मी, आणि नाही म्हणणारी ही कोण?

मग ती तीन दिवस एसटीनं मुरबाडला गेली-आली. कुणाशी भांडली, काय बोलली, कधी सांगितलं नाही. चौथ्या दिवशी जागा मिळाल्याचा कागद आणला. प्रमाणपत्राच्या रकान्यात तिच्या अक्षरात लिहिलं होतं, 'लागू नाही'.

वस्तीत पोरांनी ते वाचलं. "आजा, बाप्तिस्म्याचं पाणी नाय घेतलंस?"

"नाय," मी म्हणालो. खोटं नव्हतं. पुढचं त्यांनीच रचलं. म्हाताऱ्याला आमिष दाखवलं, म्हातारा हलला नाही. मी गप्प राहिलो. गप्प राहण्यात मजा होती.

विहारात माझा सत्कार ठेवला. शाल दिली. एक जण बोलला, "असा ताठ माणूस पंचक्रोशीत नाय!" समोर बघतो तर बायांमध्ये पहिल्या रांगेत सिस्टर बसलेली. कुणी बोलावलं होतं देव जाणे. वाटलं, आता उठेल आणि सांगेल.

ती टाळ्या वाजवत होती. सगळ्यांच्या थांबल्या तरी तिच्या चालूच. डोळ्याला डोळा भिडला, तेव्हा हसली मात्र.

त्याच पावसाळ्यात तिची बदली झाली. नात आता नर्सिंगला आहे. परवा तिनंच फोनवर सांगितलं, सिस्टर वारली. म्हणजे खरं काय ते जाणणारा आता मी एकटाच. शाल अजून नवी आहे. आजवर अंगावर घेतली नाही.